मक्यात नसतं, डब्यात असतं

मक्यात ग्लुटेन नसतं ना? मग कॉर्नफ्लेक्स का चालत नाहीत?

सीलिअॅकचं निदान झालेल्या मुलाची आई पथ्याचा कागद घेऊन घरी येते, त्यानंतर दोन-तीन दिवसांत हा प्रश्न येतोच. पोळी बंद, ब्रेड बंद, बिस्किटं बंद, हे तिला समजलेलं असतं. पण शाळेची बस यायला वीस मिनिटं उरलेली असतात, मूल भुकेने किरकिर करत असतं आणि फडताळात कॉर्नफ्लेक्सचा डबा दिसतो. डब्यावर मक्याचं पिवळंधमक कणीस. पथ्याच्या कागदावर ‘मका चालेल’ असं स्वच्छ लिहिलेलं. वाटीत दूध ओतताना तिला वाटतं, चला, एक तरी गोष्ट उरली.

आता तोच डबा फिरवून मागची बारीक अक्षरातली यादी वाचू या. मका, साखर, मीठ. आणि त्यांच्याच शेजारी कुठेतरी ‘माल्ट एक्स्ट्रॅक्ट’, ‘माल्ट फ्लेवर’ किंवा ‘सीरिअल एक्स्ट्रॅक्ट’. हे माल्ट बहुतेक वेळा जवाचं असतं आणि जवात ग्लुटेन असतं. म्हणजे कणीस खरं आहे, कागदही खरा आहे, तरी ती वाटी त्या मुलासाठी नाही.

माल्ट कशाला घालतात, तेही समजून घ्यायला हवं, कारण ते समजलं की आणखी कुठे कुठे ते सापडेल याचा अंदाज येतो. जव भिजवायचे, मोड आणायचे आणि मोड फार वाढायच्या आत गरम हवेत वाळवायचे. मोड येताना दाण्यात जी विकरं तयार होतात, ती स्टार्चचं साखरेत रूपांतर करतात. त्यातून जो दाट, तपकिरी, खमंग पाक निघतो तो माल्टचा अर्क. बिअरला हेच लागतं, दुधात घालायच्या माल्टच्या पावडरींनाही हेच. नुसता मका शिजवून, लाटून, भाजला तर तो फिकट आणि सपक लागतो. थोडंसं माल्ट पडलं की भट्टीत त्याला सोनेरी रंग चढतो आणि भाजल्याचा तो ओळखीचा वास येतो. प्रमाण अगदी थोडं असतं. या आजारात मात्र थोडं म्हणजे किती, यावरच सगळं अवलंबून आहे.

ग्लुटेन म्हणजे काय हे पाहायला प्रयोगशाळा लागत नाही. कणकेचा लिंबाएवढा घट्ट गोळा मळा, अर्धा तास झाकून ठेवा आणि मग नळाच्या बारीक धारेखाली हलक्या हाताने धुवत राहा. पांढरं पाणी जाईल, तो स्टार्च. शेवटी हातात उरेल तो करडा, रबरासारखा ताणला जाणारा गोळा म्हणजे ग्लुटेन. पोळी लाटताना फाटत नाही, ब्रेड फुगतो, तो याच प्रथिनामुळे. भाकरी थापावी लागते, पोळीसारखी पातळ लाटता येत नाही, कारण ज्वारी-बाजरीत हा गोळाच नाही. गव्हात तो आहे, जवात आणि राय नावाच्या धान्यात त्याची सख्खी भावंडं आहेत.

आपल्यापैकी बहुतेकांना हे प्रथिन निरुपद्रवी असतं. काही माणसांमध्ये मात्र, त्यांच्या जनुकांमुळे, शरीराची संरक्षणयंत्रणा त्याला शत्रू समजते आणि त्याच्याशी लढताना स्वतःच्याच लहान आतड्यावर हल्ला करते. आतड्याच्या आतल्या बाजूला बोटांसारखे बारीक अंकुर असतात, अन्नरस त्यांच्यामार्फत शोषला जातो. हे अंकुर झिजून सपाट होतात. मग मूल खातं, पण अंगी लागत नाही. पोट फुगतं, जुलाब होतात, उंची खुंटते. मोठ्या माणसात कधी कधी पोटाची काहीच तक्रार नसते, नुसता रक्तक्षय असतो आणि लोहाच्या गोळ्या वर्षानुवर्षं घेऊनही तो हटत नाही. हाच सीलिअॅक. याचं औषध आजही एकच आहे: ग्लुटेन पूर्ण बंद, आणि तेही जन्मभर.

हे औषध सापडलं ते नेदरलँड्समधल्या विलेम कारेल डिके या बालरोगतज्ज्ञामुळे. सीलिअॅकचं आधुनिक वर्णन सॅम्युअल गी या इंग्रज डॉक्टरने १८८८मध्ये केलं होतं आणि हा आजार आहारानेच बरा होईल, असंही त्याने म्हटलं होतं. पण कोणत्या आहाराने, हे कोणाला ठाऊक नव्हतं. अमेरिकेत सिडनी हास यांनी १९२४मध्ये केळ्यांचा आहार सुचवला. मुलं त्याने सुधारायची, म्हणून केळ्यात काहीतरी गुण असावा असा समज कित्येक वर्षं राहिला. प्रत्यक्षात केळी खाणारं मूल ब्रेड खात नव्हतं. डिके हेगच्या बालरुग्णालयात काम करत होते आणि ब्रेडवर त्यांचा संशय महायुद्धाआधीपासून होता. १९४४-४५च्या हिवाळ्यात हॉलंडमध्ये भीषण उपासमार झाली, ब्रेड मिळेनासा झाला. चहूकडे माणसं भुकेने खंगत असताना सीलिअॅकची मुलं मात्र तग धरत होती, आणि ब्रेड परत आला तशी ती पुन्हा आजारी पडली. डिके यांनी पुढे काटेकोर निरीक्षणं करून १९५०मध्ये उट्रेख्ट विद्यापीठात प्रबंध सादर केला. गहू आणि राय यांनी आजार बळावतो, तांदूळ आणि मक्याने नाही, हे तेव्हापासून पक्कं झालं. आज आपण ज्या पथ्याच्या कागदावर ‘मका चालेल’ असं वाचतो, त्या दोन शब्दांच्या मागे त्या उपाशी हिवाळ्यातली मुलं आहेत.

आता ‘थोडं’ म्हणजे किती, याकडे येऊ. एका मध्यम पोळीत साधारण अडीच-तीन ग्रॅम ग्लुटेन असतं. इटलीतल्या कार्लो कटासी आणि सहकाऱ्यांनी २००७मध्ये प्रसिद्ध केलेल्या अभ्यासात सीलिअॅकच्या रुग्णांना तीन महिने रोज ५० मिलिग्रॅम ग्लुटेन दिलं, तेव्हा आतड्याची इजा दिसून आली. ५० मिलिग्रॅम म्हणजे एका पोळीचा जेमतेम पन्नासावा तुकडा. ‘एवढ्याशाने काय होतंय’ असं म्हणून आजी नातवाच्या तोंडात जो घास भरवते, तो याहून मोठा असतो. म्हणूनच अमेरिका, युरोप, भारत सगळीकडे ‘ग्लुटेन-फ्री’ लिहिण्याची मर्यादा एकच धरलेली आहे: किलोला २० मिलिग्रॅम. ३० ग्रॅम सीरिअलच्या वाटीत हे ०.६ मिलिग्रॅमपेक्षा जास्त होत नाही. दिवसभरात चार-सहा असे पदार्थ खाल्ले तरी माणूस धोक्याच्या रेषेपासून लांब राहतो.

माल्ट घातलेले कॉर्नफ्लेक्स या रेषेच्या आत बसतील का? याची उत्तरं देशागणिक वेगळी आहेत. ब्रिटनमध्ये माल्ट अगदी कमी असलेली आणि चाचणीत २०च्या आत भरणारी काही सीरिअल रुग्णांना चालतात असं मानलं जातं. अमेरिकेत मात्र जवाचं माल्ट घातलेल्या पदार्थाला ग्लुटेन-फ्री म्हणता येत नाही, मग चाचणीचा आकडा काहीही येवो. मला अमेरिकेची भूमिका जास्त पटते. माल्ट करताना जवाच्या प्रथिनांचे तुकडे होतात. नेहमीची चाचणी अखंड प्रथिन पकडण्यात तरबेज असते, तुटके तुकडे तिच्या हातून निसटू शकतात, आणि आतड्याला मात्र त्यातले तुकडेही त्रास देऊ शकतात. जिथे मोजमापच पुरेसं भरवशाचं नाही, तिथे लहान मुलाच्या आतड्यावर प्रयोग कशाला करायचा?

सीरिअलच्या इतिहासात गहू अगदी उगमापासून आहे. मिशिगन राज्यातल्या बॅटल क्रीक गावी डॉ. जॉन हार्वी केलॉग यांचं आरोग्यधाम होतं. १८९४मध्ये तिथे शिजवलेला गहू राहून गेला, शिळा झाला, तरी तो लाटून पाहिला तर दाण्यागणिक एकेक पापुद्रा सुटला. पहिले फ्लेक्स हे असे गव्हाचे होते. मक्याचे त्यानंतर आले. डॉक्टरांचे धाकटे भाऊ विल कीथ यांनी १९०६मध्ये वेगळी कंपनी काढली आणि मक्याच्या फ्लेक्सना घरोघर नेलं. गहू गेला, मका आला, तरी चवीसाठी जव आत शिरून बसला तो आजतागायत. तांदळाच्या ‘राइस क्रिस्पीज’चंही तसंच. दिसायला आपले चुरमुरे, पण अमेरिकेतल्या डब्यावर माल्ट फ्लेवर लिहिलेलं असतं. २०११मध्ये केलॉग्जने तपकिरी तांदळाचे, माल्ट नसलेले राइस क्रिस्पीज तिथे काढले होते. काही वर्षांतच ते बंद झाले.

या बाबतीत एक खरं धाडस जनरल मिल्स या कंपनीने केलं. तिच्या ‘राइस चेक्स’मध्येही जवाचं माल्ट होतं. २००८मध्ये ते काढून त्याजागी मोलॅसिस, म्हणजे काकवीसारखा उसाचा पाक घातला आणि तांदळाचे चेक्स ग्लुटेन-फ्री झाले. पुढच्या वर्षी मक्याच्या आणि इतर काही चेक्सचंही तसंच केलं. गव्हाचे ‘व्हीट चेक्स’ अर्थात तसेच राहिले. रंग आणि चव यांच्यासाठी जव लागतोच असं नाही, हे त्यातून सिद्ध झालं.

अमेरिकेतल्या मराठी घरांना हा फरक विशेष ठाऊक असायला हवा. पातळ पोहे हाताशी नसले की तिकडे दिवाळीत राइस क्रिस्पीजचा, कॉर्नफ्लेक्सचा किंवा चेक्सचा चिवडा होतो. शेंगदाणे, डाळं, कढीपत्ता, सगळं बिनधास्त. पण ज्या घरात सीलिअॅकचं मूल आहे तिथे क्रिस्पीजचा चिवडा आणि राइस चेक्सचा चिवडा यांत जमीन-अस्मानाचा फरक आहे. फराळाचं ताट पुढे करणाऱ्या काकूला तो माहीत नसतो, आणि त्या मुलालाच तो सांगावा लागतो.

ओट्सची गोष्ट याहून गुंतागुंतीची आहे. ओट्समध्ये गव्हासारखं ग्लुटेन नसतं. त्यातलं अॅव्हेनिन नावाचं प्रथिन बहुसंख्य रुग्णांना सोसतं, थोड्यांना सोसत नाही. खरी अडचण शेतापासून सुरू होते. ओट्स बहुतेक ठिकाणी गहू आणि जव पिकवणाऱ्या शेतांतच आलटून-पालटून घेतात. तीच कापणी यंत्रं, तेच ट्रक, तीच गोदामं. ज्वारीत चार हरभरे यावेत तसे ओट्समध्ये गहू-जवाचे दाणे येतात. अमेरिकेतल्या आहारतज्ज्ञ ट्रिशा थॉम्पसन यांनी २००४मध्ये तीन ब्रँडच्या साध्या ओट्सचे बारा डबे तपासून घेतले. बारापैकी नऊ डब्यांत ग्लुटेन किलोला २० मिलिग्रॅमपेक्षा जास्त निघालं. एकात तर १८०७. सर्वांत चक्रावणारी गोष्ट ही, की एकाच ब्रँडचा एक डबा स्वच्छ आणि दुसरा भरलेला असं होतं.

असं का होतं, त्याचं गणित सोपं आहे. गव्हाचा एक दाणा सुमारे ४० मिलिग्रॅमचा. त्यातला साधारण दहावा भाग ग्लुटेन, म्हणजे ४ मिलिग्रॅम. आता ४० ग्रॅम ओट्सच्या वाटीत तो एकच दाणा पडला, तर त्या वाटीपुरतं प्रमाण किलोला १०० मिलिग्रॅम होतं, मर्यादेच्या पाचपट. शेजारच्या वाटीत मात्र शून्य. म्हणून पोत्यातला मूठभर नमुना तपासून ‘सगळं ठीक’ म्हणता येत नाही. पिठात ग्लुटेन सारखं पसरतं, अख्ख्या धान्यात ते ठिपक्याठिपक्यांनी राहतं.

यावर दोन उपाय निघाले. एक म्हणजे बियाण्यापासून वेगळं राखलेलं पीक: ज्या शेतात आधी गहू-जव नव्हते तिथेच ओट्स पेरायचे, यंत्रं धुऊन घ्यायची, वाहतूक वेगळी ठेवायची. हा महाग मार्ग. दुसरा म्हणजे नेहमीचेच ओट्स घेऊन दाण्याच्या आकारावरून, वजनावरून, रंगावरून यंत्राने निवडायचे. ‘चिरिओज’ या ओट्सच्या सीरिअलसाठी जनरल मिल्सने हा दुसरा मार्ग धरला. १९४१पासून अमेरिकी लहान मुलांच्या हातात असलेलं हे सीरिअल २०१५च्या उन्हाळ्यात ग्लुटेन-फ्री म्हणून बाजारात आलं. हजारो घरांत आनंद झाला असेल, कारण सीलिअॅकचं मूल आता भावंडांच्या डब्यातलंच खाऊ शकणार होतं.

त्याच वर्षी ऑक्टोबरमध्ये कंपनीला १८ लाख डबे परत मागवावे लागले. कॅलिफोर्नियातल्या लोडाय इथल्या कारखान्यात ओट्सचं पीठ रेल्वेने यायचं. जुलैत काही दिवस रेल्वेची सोय बंद होती म्हणून पीठ ट्रकमध्ये भरून आणलं गेलं, आणि या हलवाहलवीत गव्हाचं पीठ ओट्सच्या यंत्रणेत गेलं. दाणे निवडणारं यंत्र चोख होतं. चूक झाली ती निवडल्यानंतर, माल एका वाहनातून दुसऱ्यात घेताना. कंपनीने चूक जाहीरपणे मान्य केली, हे तिच्या बाजूने नोंदवायलाच हवं. कॅनडातल्या रुग्णसंघटनेने मात्र निवडण्याच्या पद्धतीवरच शंका घेतली होती आणि २०१८च्या सुरुवातीपासून तिथल्या चिरिओजच्या डब्यावरून ‘ग्लुटेन-फ्री’ हे शब्द निघाले. ऑस्ट्रेलियात तर ओट्सला ग्लुटेन-फ्री म्हणायची परवानगीच नाही. एकाच धान्याबद्दल तीन देशांचे तीन निवाडे आहेत. सीलिअॅक असेल तर साधे बाजारी ओट्स खाऊ नयेत. ‘ग्लुटेन-फ्री’ लिहिलेले घ्यावेत, तेही आतडं भरून आल्यावर आणि डॉक्टरांच्या नजरेखाली, हे मला सर्वांत सुरक्षित वाटतं.

आता आपल्या दुकानांकडे. केलॉग्ज १९९४मध्ये भारतात आली. तळोज्याला कारखाना निघाला आणि मुंबई-पुण्याच्या फडताळांत पोह्यांच्या डब्याशेजारी हे डबे आले. आज तिथे मुसली आहे, ओट्स आहेत, मुलांची चॉकलेटी सीरिअल आहेत. चॉकोजसारखी बरीचशी चॉकलेटी सीरिअल गव्हाचीच असतात, त्यात संशयाला जागा नाही. मुसलीत गव्हाचे किंवा जवाचे फ्लेक्स आणि ओट्स मिसळलेले असतात. ‘मल्टिग्रेन’ म्हणजे अनेक धान्यं, आणि त्यात पहिलं बहुधा गहू. कोंड्याचे फ्लेक्स म्हणजे गव्हाचा कोंडा. हे सगळे डबे सरळ बाजूला ठेवायचे. फसगत होते ती मक्याच्या आणि तांदळाच्या डब्यांबाबत.

भारतातल्या २०२०च्या लेबलिंग नियमांनुसार गहू, राय, जव, ओट्स ही धान्यं पदार्थात असतील तर डब्यावर वेगळं सांगावं लागतं. घटकांच्या यादीखाली ‘कन्टेन्स’ या शब्दाने सुरू होणारी ओळ असते, ती आधी वाचा. तिथे बार्ली, व्हीट किंवा ग्लुटेन दिसलं की पुढे वाचायची गरज नाही. ‘मे कन्टेन’ अशी ओळ असेल, तर त्याच कारखान्यात गव्हाचा मालही बनतो आणि मिसळ होऊ शकते असा त्याचा अर्थ. यादीत नुसतं ‘माल्ट’ असेल तर ते जवाचं समजायचं. नाचणीला मोड आणून केलेलं माल्टही आपल्याकडे मिळतं आणि नाचणी निर्धोक आहे, पण तसं असेल तर ‘रागी’ किंवा ‘नाचणी’ असं लिहिलेलं असतं, आणि त्या पुड्यातही पुढे गहू मिसळला आहे का ते पाहावं लागतं. याउलट ‘माल्टोडेक्स्ट्रिन’ या शब्दाने घाबरून जायचं कारण नाही. नावात माल्ट असलं तरी ते सहसा मक्याच्या किंवा टॅपिओकाच्या स्टार्चपासून करतात आणि सीलिअॅकला चालतं. मी असे पालक पाहिले आहेत जे माल्टोडेक्स्ट्रिन वाचून चांगला पदार्थ टाकून देतात आणि ‘सीरिअल एक्स्ट्रॅक्ट’ वाचून काही कळलं नाही म्हणून घेऊन जातात. दोष त्यांचा नाही. ती भाषा त्यांच्यासाठी लिहिलेलीच नाही.

‘लो ग्लुटेन’ हा आणखी एक शब्द. भारतीय नियमात किलोला २० ते १०० मिलिग्रॅम ग्लुटेन असलेल्या पदार्थाला तो लागतो. सीलिअॅकच्या माणसाने तो घेऊ नये.

इतकं वाचल्यावर कोणी म्हणेल, मग सीरिअल सोडा, आपले पोहे आहेतच. खरंच आहेत. सीरिअल म्हणून जे अमेरिकेत यंत्राने केलं गेलं ते आपल्याकडे भडभुंजे कधीपासून करत आले आहेत: पोहे, चुरमुरे, साळीच्या लाह्या, ज्वारीच्या लाह्या, राजगिऱ्याच्या लाह्या. यांत माल्ट नाही. दुधात साळीच्या लाह्या आणि गूळ घातला की चार वर्षांच्या मुलाला कॉर्नफ्लेक्सची आठवण येत नाही, हे मी डोळ्यांनी पाहिलं आहे. तळून चिवडा करायचे वाळवलेले मक्याचे पोहेही नुसत्या मक्याचेच असतात. शिवाय नाचणीच्या १०० ग्रॅममध्ये ३०० मिलिग्रॅमपेक्षा जास्त कॅल्शियम असतं, आणि आतडं झिजलेल्या मुलाच्या हाडांना त्याची गरज असते. नाचणीची आंबील किंवा दुधातली खीर हा मला कुठल्याही डब्यापेक्षा चांगला नाश्ता वाटतो.

पण आपल्या स्वयंपाकघरातही माल्टसारखे लपलेले पाहुणे आहेत. पहिला हिंग. शुद्ध हिंग इतका उग्र असतो की तो डिंक आणि पिठात मिसळून विकतात, आणि ते पीठ पुष्कळदा गव्हाचं असतं. कांदेपोह्यांच्या फोडणीतली ती चिमूट बहुतेक घरांत तपासलीच जात नाही. तांदळाच्या पिठात केलेला हिंग मिळतो, तो मागून घ्यावा. दुसरी गोष्ट सातू. सातू म्हणजे जव, आणि आपण ज्याला सातूचं पीठ म्हणतो त्यात भाजलेले गहूही असतात. दोन्ही बाजूंनी ते वर्ज्य. थालीपिठाच्या भाजणीत गहू असतो. उपमा रव्याचा, लापशी दलियाची. कुरडया गव्हाच्या चिकाच्या. चीक म्हणजे स्टार्च हे खरं, पण घरगुती पद्धतीत ग्लुटेन पूर्ण निघून जात नाही. आणि खपली गहू. पचायला हलका, मधुमेहाला चांगला अशी त्याची कीर्ती सध्या गावोगाव पोचली आहे. असेल. पण खपली हा गहूच आहे, त्यात ग्लुटेन आहे, आणि सीलिअॅकच्या माणसाला तो साध्या गव्हाइतकाच घातक आहे. ‘जुन्या वाणात ग्लुटेन नसतं’ असं सांगून तो कोणी विकत असेल तर ते खोटं आहे.

सर्वांत मोठी मिसळ होते ती गिरणीत. गव्हाचं दळण उतरलं की जात्याच्या दगडांत आणि कापडी नळीत पाव-अर्धा किलो कणीक सहज अडकून राहते आणि पुढच्या ज्वारीत उतरते. आपल्या आया-आज्यांना हे चांगलं ठाऊक होतं, फक्त कारण वेगळं होतं. ‘ज्वारीवर ज्वारी टाका’, ‘उपासाचं दळण आहे, चक्की साफ करा’, असं त्या गिरणीवाल्याला बजावायच्या. उपासाच्या पिठात गव्हाचा कण चालत नाही, हा नियम त्यांनी धर्म म्हणून पाळला. तीच शिस्त सीलिअॅकच्या घराला रोज लागते. ज्वारी-नाचणी अख्खी आणून निवडायची, धुवायची, वाळवायची आणि फक्त याच धान्यांसाठी ठेवलेल्या घरघंटीत दळायची. बाजारातलं तयार पीठ घ्यायचं तर ‘ग्लुटेन-फ्री’ लिहिलेलं. थॉम्पसन यांनी २०१०मध्ये मुळातच ग्लुटेन नसलेल्या धान्यांचे, पिठांचे २२ नमुने तपासले, त्यांतले सात २०च्या वर निघाले. त्या २२ नमुन्यांत एकही गव्हाचा नव्हता.

उपासाच्या फडताळाबद्दल आणखी एक. साबुदाणा, वरई, राजगिरा, शिंगाडा, रताळी, बटाटा: ही यादी जवळजवळ जशीच्या तशी सीलिअॅकच्या पथ्याची यादी आहे, आणि त्यातल्या फोडणीत हिंगही नसतो. निदान झाल्यावर घाबरलेल्या आजीला मी सांगते, पहिले पंधरा दिवस मुलाचा उपास आहे असं समजून स्वयंपाक करा. तिला लगेच कळतं. पथ्याचा कागद तिला परका वाटतो, उपास मात्र हाडीमाशी खिळलेला असतो.

महाराष्ट्रात अजूनही कित्येकांना वाटतं की हा पंजाब-दिल्लीकडचा आजार. २०१६मध्ये प्रसिद्ध झालेल्या, देशभरातल्या २३,००० हून अधिक प्रौढांच्या अभ्यासात उत्तरेत प्रमाण १.२३ टक्के निघालं, दक्षिणेत ०.१०. पण आजाराला वाट देणारी जनुकं दोन्हीकडे जवळपास सारख्याच प्रमाणात होती. फरक गव्हात होता: उत्तरेत रोज सरासरी ४५५ ग्रॅम, दक्षिणेत २५. ज्या घरात आजोबांच्या ताटात भाकरी होती, तिथे नातवाच्या दिवसात सकाळी चॉकलेटी सीरिअल, डब्यात पोळी, संध्याकाळी नूडल्स आणि रात्री पाव असतो. त्यामुळे मूल वाढत नसेल, रक्त सतत कमी असेल, तर हा आजार डोक्यात ठेवायलाच हवा.

तसं असेल तर एक कळकळीची विनंती. डॉक्टरांनी टीटीजी-आयजीए ही रक्तचाचणी आणि गरज वाटल्यास आतड्याची तपासणी करेपर्यंत मुलाची पोळी बंद करू नका. ग्लुटेन थांबवलं की रक्तातल्या खुणा पुसट होतात, आतडं भरू लागतं आणि चाचणी खोटा दिलासा देते. मग जन्मभराचं पथ्य अंदाजावर पाळायची वेळ येते. आधी चाचणी, मग पथ्य. आणि पथ्य सुरू झालं की डबा दर वेळी नव्याने वाचा, गेल्या महिन्यात चालला होता तोही, कारण कंपन्या घटक बदलतात आणि डब्यावरचं कणीस मात्र तेच राहतं.